भुरीच्या पोटाखालचं लाकडी अंडं

मित्रांनो, मी एक जुनं अंडं आहे. थांबा, लगेच नाकाला रुमाल लावू नका. जुनं अंडं म्हटलं की सगळे चार हात लांब पळतात, हे मला ठाऊक आहे. पण मला वास येत नाही, कारण मी लाकडाचा आहे. माझ्यात ना पांढरं, ना पिवळं, आरपार लाकूड. टोकाला एक टवका उडाला आहे, पोटावर सुयांचे ओरखडे आहेत आणि एका बाजूला चोचीचा खळगा पडला आहे. त्या खळग्याची गोष्ट शेवटी सांगतो. जरा ऐसपैस बसा, मला बोलायला फारसं कुणी मिळत नाही.

माझा जन्म एका खराद्याच्या लेथवर झाला. या खराद्याला सगळी गल्ली बापू म्हणते. खुर्च्यांचे पाय, पलंगांचे खांब, भोवरे, दारांच्या मुठी, काहीही गोल करायचं असलं की लोक बापूकडे येतात. मी खरं तर आरामखुर्चीचा पाय व्हायचा होतो. पण लाकडात गाठ निघाली, पाय चिरला, आणि बापूनं उरलेला तुकडा कोपऱ्यात भिरकावला. तेवढ्यात त्याची मोठी बहीण दारात येऊन उभी राहिली. गळ्यात मोजायची टेप, कानावर पेन्सिल.

"बापू, मला एक अंडं करून दे."

"अंड्यांसाठी तू त्या झिपऱ्या कोंबड्या पाळल्यास ना? आता मी पण घालू का?"

"घाल की. निदान तू जागेवर तरी घालशील."

बापूनं माझा तुकडा उचलला, लेथवर चढवला आणि बोलता बोलता मला गोल करून टाकलं. मग पॉलिश पेपरनं इतकं घासलं की मी हातातून सटकू लागलो. पॉलिश मात्र लावलं नाही. "कोंबडीला वास आवडायचा नाही," म्हणाला. नावं ठेवायची आणि काळजीही घ्यायची, ही बापूची रीतच आहे.

ही बहीण म्हणजे ताई. बापूची ताई, म्हणून सगळ्या गल्लीची ताई. ती शिवणकाम करते. पुढच्या खोलीत तिचं दुकान, मधे स्वयंपाकघर, मागे अंगण आणि अंगणात जाळीचं खुराडं. पुढून गिऱ्हाईक हाक मारतं, मागून कोंबड्या ओरडतात, आणि ताईची दिवसभर दोन्हीकडे धावपळ चालते. तिच्या कोंबड्या साध्यासुध्या नाहीत. इतर कोंबड्यांच्या डोक्यावर लाल तुरा असतो, यांच्या डोक्यावर पिसांचा भला मोठा झुपका असतो. अंग काळंभोर आणि झुपका पांढराशुभ्र, फुललेल्या शेवंतीसारखा. लोक त्यांना झुपकेवाल्या म्हणतात. पूर्वी त्या घरोघर होत्या म्हणे. पण ही जात अंडी बेताची देते आणि वर स्वतःची अंडी उबवत नाही. अंडं घातलं की हात झटकून मोकळी. मग लोकांनी रोज अंडी देणाऱ्या कोंबड्या आणल्या आणि झुपकेवाल्या एकेका घरातून दिसेनाशा झाल्या. ताईला शिवण शिकवणाऱ्या म्हाताऱ्या मास्तरांनी दुकान बंद करताना तिला आपलं मशीन दिलं आणि सोबत या कोंबड्यांची एक जोडी. "मशीन कुणीही नेईल गं, यांना तू ने," असं ते म्हणाले होते. ताईनं दोन्ही आजवर चालू ठेवलंय.

आता माझं काम सांगतो. कोंबडीला एके ठिकाणी अंडं पडलेलं दिसलं की तिला वाटतं, ही जागा भरवशाची आहे, आपणही इथंच घालावं. म्हणून ताईनं मला खुराड्यातल्या पेटीत, भुशाच्या गादीवर ठेवलं. नाहीतर या बायका कुठंही अंडी घालायच्या. लाकडांच्या ढिगात, कुंडीमागे, एकदा तर ताईच्या चपलेत. मी पेटीत बसलो आणि त्या शहाण्यासारख्या माझ्याशेजारी घालू लागल्या. ताई रोज खरं अंडं उचलून न्यायची आणि मला तिथंच ठेवायची. जागा धरून ठेवायची, एवढंच माझं काम. खरं सांगू? सुरुवातीला मला वाईट वाटायचं. सगळ्यांना उचलून नेतात, मला कुणी नेत नाही.

पण अंडी द्यायचा हंगाम संपला की ताई मला धुऊन पुसून दुकानात न्यायची. फाटक्या मोज्याच्या टाचेत मला सारायची आणि माझ्यावर ताणून रफू करायची. पोटावरचे हे ओरखडे त्याचेच. गिऱ्हाइकं विचारायची, "ताई, हे अंडं कसलं?" ती सांगायची, "हा आमचा बारमाही नोकर. अर्धं वर्ष मागे, अर्धं वर्ष पुढे." असं कुणी म्हटलं की लाकडालासुद्धा ऊब येते, मित्रांनो.

मग बाजारात प्लॅस्टिकची अंडी आली. पांढरी, गुळगुळीत, अगदी खऱ्यासारखी. ताईनं ती आणली आणि मी बटणांच्या डब्यात जाऊन पडलो. डब्यात किती वर्षं गेली कोण जाणे. मोजेसुद्धा आता कुणी रफू करत नव्हतं, फाटले की टाकून देत होते. झाकण उघडलं की मी आशेनं वर बघायचो, आणि ताईची बोटं काळं बटण शोधून निघून जायची.

एका हिवाळ्यात कोंबड्यांमध्ये साथ आली. डब्यातून मला फक्त आवाज ऐकू यायचे. खुराडं दिवसेंदिवस गप्प होत गेलं, आणि ताईचं मशीनही मधेच थांबायचं. शेवटी दोनच झुपकेवाल्या उरल्या. एक कोंबडा, रावसाहेब. एक कोंबडी, शेवंती, तीही वयानं उतरलेली. तिसरी भुरी होती, पण ती या जातीची नव्हे. तपकिरी रंगाची, डोक्यावर झुपका नसलेली साधी कोंबडी, कुठून तरी भटकत आली आणि राहिली. ताईनं ओळखीच्या सगळ्यांना विचारून पाहिलं. ही जात कुणाकडेच उरली नव्हती. शेवंतीची अंडी फुटून पिल्लं निघाली तर निघाली, नाहीतर मास्तरांनी सोपवलेला वसा ताईच्याच अंगणात संपणार होता.

त्याच दिवसांत ताईनं बटणांचा डबा उघडला आणि मला बाहेर काढलं. प्लॅस्टिकची अंडी हलकी पडत. शेवंती पेटीत वळली की ती टुणकन बाहेर उडी मारत. मी वजनदार. ताईनं मला मुठीत धरलं आणि म्हणाली, "चल बाबा, तूच बरा." एवढी वर्षं अंधारात गेल्यावर हे शब्द ऐकून मी तिथल्या तिथं विरघळलो असतो, पण लाकडाला ती सोय नाही.

आता तुम्हाला वाटेल, सगळं सुरळीत झालं असणार. नाही झालं. त्याला कारण ताईचंच प्रेम.

वर्षातून एकदा पाळीव पक्ष्यांचं प्रदर्शन भरायचं. रावसाहेबानं तिथं आधी दोनदा बक्षिसाचा पेला मिळवला होता. झुपका जितका मोठा तितके गुण जास्त. एरवी ताई हंगामाच्या आधी छोट्या कात्रीनं डोळ्यांपुढची पिसं कातरायची, नाहीतर झुपका डोळ्यांवर येतो आणि बिचाऱ्यांना पुढचं काही दिसत नाही. त्या वर्षी तिनं कात्री लावलीच नाही. पोस्टमननं प्रदर्शनाचं पत्र आणून दिलं तेव्हा ती त्याला म्हणाली, "या वेळी दोघांना घेऊन जाणार. लोकांना दिसल्याच नाहीत तर मागणार कोण? आणि कुणी मागितल्या नाहीत तर एका घरात किती दिवस टिकतील?"

पोस्टमन म्हणाला, "दिसतील हो लोकांना. पण यांना लोक दिसतील का? जरा केस कापून आणा." रोज येता-जाता तो कोंबड्यांची अशीच थट्टा करायचा. ताईनं हसून सोडून दिलं. तिनं दोघांचे झुपके कोमट पाण्यानं धुतले, मऊ ब्रशनं विंचरले. लग्नाचा पोशाख जपावा तसं ती त्यांना जपत होती.

इकडे भुरी खुडूक झाली. खुडूक म्हणजे उबवायला बसायची लहर आलेली कोंबडी. पिसं फुलवून ती पेटीत माझ्यावर ठाण मांडून बसली, हात लावला की गुरगुरायची. ताईला केवढा आनंद झाला. शेवंतीची साठवलेली अंडी तिनं भुरीखाली सारली आणि आठवडाभरानं कोठीच्या अंधारात एकेक अंडं बॅटरीपुढे धरून पाहिलं. अंडी काढताना तिनं मलाही उचललं होतं, मी तिच्या एप्रनच्या खिशात होतो. पिल्लू धरलं असेल तर अंड्यात लाल शिरांचं जाळं दिसतं. पहिलं अंडं स्वच्छ. दुसरं स्वच्छ. सगळीच अंडी दिव्याच्या काचेसारखी स्वच्छ निघाली. ताई खाली बसली. तिचा श्वास खिशापर्यंत जाणवत होता, आणि तिला धीर द्यायला मला ना तोंड होतं ना हात.

"म्हातारी झाली शेवंती," ती बापूला म्हणाली. "संपलं सगळं."

बापूनं त्या दिवशी थट्टा केली नाही. तो मागच्या पायरीवर चहा घेऊन बसला आणि खुराड्याकडे बघत राहिला. रावसाहेब अंगणात होता. कोंबडीला खूश करायचं असलं की कोंबडा एक पंख खाली सोडून तिच्याभोवती गिरकी घेत नाचतो. रावसाहेब तसाच नाचत होता. एकदम राजेशाही थाटात, मान ताठ करून. फक्त शेवंती दुसऱ्या कोपऱ्यात माती उकरत होती, आणि रावसाहेब एका पालथ्या काळ्या बादलीभोवती नाचत होता.

बापू आधी खो खो हसला. मग त्यानं चहाचा कप खाली ठेवला.

"ताई, बाहेर ये. लवकर."

"काय झालं?"

"तुझा रावसाहेब बादलीला मागणी घालतोय."

ताईनं पाहिलं. शेवंती पांढऱ्या झुपक्याखाली भिंतीला धडकत चालली होती. रावसाहेब बादलीपुढे तिसऱ्यांदा पंख सोडत होता. ताईनं कपाळावर हात मारून घेतला. शेवंती म्हातारी झाली म्हणून अंडी रिकामी नव्हती. दोघं एकमेकांना दिसतच नव्हती. कोंबडा-कोंबडीची भेटच झाली नाही तर अंड्यात पिल्लू यायचं कुठून? रोज विंचरून विंचरून ताईनंच त्यांच्या डोळ्यांवर पडदा टाकला होता.

ती आत गेली आणि काज कापायची छोटी कात्री घेऊन आली. बापूनं रावसाहेबाला मांडीवर धरलं. ताईनं आयुष्यभर कापड कापलंय. खडूची रेघ मारली की तिची कात्री न अडखळता चालते. पण त्या दिवशी तिचा हात हवेतच थांबला. प्रदर्शन आठवड्यावर आलं होतं. आता कापलं की पेला गेला, लोकांसमोर मिरवणं गेलं, कुणी मागायला येईल ही आशाही गेली.

"काप गं," बापू हळूच म्हणाला. "पेल्यातून पिल्लं निघत नाहीत."

ताईनं कापलं. पांढरी पिसं मांडीवर, पायरीवर, बापूच्या चहात पडली. मग शेवंतीची पाळी आली. दोघांना खाली सोडलं तेव्हा त्यांची डोकी वेडीवाकडी कातरलेल्या कुंचल्यासारखी दिसत होती. रावसाहेबानं मान वळवून पाहिलं. जग एवढं मोठं आहे हे तो बहुधा विसरूनच गेला होता. त्याला बादली दिसली. मग बादलीपलीकडची शेवंती दिसली. बादलीकडे त्यानं पुन्हा ढुंकूनही पाहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी पोस्टमन जाळीपाशी येऊन थबकला. "अहो ताई, मी गमतीनं म्हणत होतो. तुम्ही खरंच कापलेत?" ताई म्हणाली, "उशिरा ऐकलं तुमचं." त्यानं प्रदर्शनाचं विचारलं नाही. जाताना मात्र जाळीजवळ नेहमीपेक्षा जास्त वेळ रेंगाळला.

आता खरी कसोटी होती. शेवंती दोन-तीन दिवसांआड एक अंडं घालायची, आणि तिचा हंगाम सरत आला होता. चार अंडी जमेपर्यंत भुरीनं बसून राहायला हवं होतं. ती उठली तर दुसरी खुडूक कोंबडी आणायची कुठून? बापूनं उबवणीच्या यंत्राचं नाव काढलं. ताई म्हणाली, "मिळतं ते यंत्र शेकड्यानं अंडी मागतं. माझ्याकडे चार होतील की नाही देव जाणे." रिकामी अंडी तिनं भुरीखाली परत ठेवली नव्हती, खिशातून काढून मला एकट्यालाच पेटीत ठेवलं होतं.

मित्रांनो, माझ्या आयुष्यातले हे सगळ्यात मोठे दिवस. भुरी माझ्यावर बसून राहिली. ताई तिला उचलून दाणे खायला घालायची, ती भराभर चोची मारून पळत परत यायची आणि मला पोटाखाली ओढून घ्यायची. चोचीनं मला हळूच उलटायची, म्हणजे सगळीकडून ऊब लागावी. तिच्या छातीवरची पिसं विरळ झाली होती, तिची उघडी कातडी मला लागायची. ती वाळत चालली होती. मला लाज वाटायची. एवढी माया, आणि ती कुणासाठी, तर खुर्चीच्या पायासाठी. मनात म्हणायचो, बाई, माझ्यात कुणी नाही. आणि लगेच म्हणायचो, पण उठू नकोस. कृपा कर, उठू नकोस.

ती उठली नाही. चार अंडी जमली, आणि एका संध्याकाळी दिवेलागणीला ताईनं ती तिच्याखाली ठेवली. मला काढायला गेली तर भुरीनं असा काही गोंधळ घातला की ताईनं हात टेकले. "राहू दे बाई, त्यालाही राहू दे." म्हणून मी त्या चौघांच्या मधोमध राहिलो. काही दिवसांनी पुन्हा कोठी, पुन्हा बॅटरी, पुन्हा मी खिशात. या वेळी बापूही उभा होता. एक अंडं स्वच्छ निघालं, ते ताईनं बाजूला ठेवलं. मग ती उरलेली तिन्ही पुन्हा पुन्हा बॅटरीपुढे धरत राहिली.

"ताई, बोल ना. जीव टांगणीला लागलाय माझा."

"दोरा आहे," ताई म्हणाली, आणि तिनं अंडं बापूपुढे धरलं. "लाल दोरा आहे, बापू. तिन्हींत आहे."

झिपऱ्या म्हणून चिडवणारा बापू बाह्यांनी डोळे पुसत होता. भुसा गेला डोळ्यात, म्हणाला. कोठीत भुसा कुठला?

तीन आठवडे भरले आणि माझ्याशेजारी टकटक सुरू झाली. आधी एक कवच तडकलं, मग दुसरं, मग तिसरं. ओलीचिंब, काळी, डोळे मिटलेली पिल्लं. वाळल्यावर बघावं तर प्रत्येकाच्या डोक्यावर चिमूटभर कापूस. जन्मतःच झुपका. मी आनंदानं फुटलो असतो.

पण भुरी पेटीतून उतरेना. पिल्लं चुळबूळ करत होती, पाण्यासाठी ओरडत होती, एक तर पेटीच्या काठावरून खाली घरंगळलं. तरी ती हलेना. ताई म्हणाली, "अगं, झाली ना सगळी. आता काय राहिलं?" मला कळलं काय राहिलं. मी राहिलो होतो. भुरीच्या हिशेबी मी तिचा सगळ्यात पहिला. इतर सगळे येण्याआधीपासून ती मला ऊब देत होती, आणि मीच अजून बाहेर आलो नव्हतो. ती माझ्याशी हळू आवाजात बोलत होती, जशी अंड्यातल्या पिल्लांशी बोलली होती. मग तिनं चोच मारली. रागानं नव्हे. आतल्याला बाहेर यायला मदत करावी तशी, एकाच जागी, पुन्हा पुन्हा. हाच तो खळगा. त्या क्षणी मला पहिल्यांदा वाटलं, आपण पोकळ असतो तर किती बरं झालं असतं.

ताईनं ते पाहिलं. तिनं भुरीच्या पोटाखाली हात घातला, मला अलगद बाहेर काढलं आणि तिला म्हणाली, "याच्यात कुणी नाही गं. पण यानंच तुला धरून ठेवलं." मला तिनं एप्रनच्या खिशात टाकलं. भुरीनं पेटीत इकडं तिकडं पाहिलं, मला हाक मारली. मी उत्तर दिलं नाही. मग खालच्या पिल्लानं हाक मारली, आणि भुरी खाली उतरली.

ती पिल्लं आता मोठी झाली आहेत. दोन कोंबड्या, एक कोंबडा. हंगाम आला की ताईची कात्री सगळ्यात आधी चालते. प्रदर्शनाला ती अजून गेलेली नाही. पण मागच्या महिन्यात पोस्टमन दारात येऊन चुळबुळत उभा राहिला. हातात पत्र नव्हतं. "ताई, माझ्या मागच्या दारी जागा आहे," म्हणाला. "पुढची पिल्लं निघतील त्यातली एक जोडी मला सांभाळायला द्याल का?" ताईनं त्याला आत बोलावून बसवलं. बापू मात्र उठून लेथकडे गेला. थोड्या वेळानं तो माझ्याएवढंच एक नवंकोरं लाकडी अंडं घेऊन आला. पॉलिश लावलेलं नव्हतं.

मित्रांनो, मी काही शहाणा नाही, लाकूड आहे. पण एवढं कळलंय. जे थोडंच उरलंय त्याला नुसतं सजवून ठेवू नका, त्याला जगता येतंय का तेही बघा. एकाच अंगणात त्याला कोंडू नका. आणि कुठं एखादी वाळलेली, भुरकट, खुडूक कोंबडी उगाच बसल्यासारखी दिसली तर तिला हाकलू नका. तिच्या पोटाखाली हळूच हात घालून बघा. कदाचित तिथं मी असेन, येणाऱ्यांची जागा धरून.